वारेझेचं मास्नागो: बास्केटबॉल जवळून बघायचा असेल तर इथे या

मिलानमध्ये नोकरीला किंवा शिकायला आलेले आपल्याकडचे लोक ओळख झाली की विचारतात, "इथे बास्केटबॉलची मॅच बघायची तर कुठे जायचं?" बहुतेकांच्या मनात अस्सागोचं फोरम असतं. साहजिक आहे. ऑलिंपिया मिलानचं ते घर, युरोलीगच्या, म्हणजे युरोपातल्या सगळ्यात वरच्या क्लब स्पर्धेच्या मॅचेस तिथे होतात, आणि मेट्रोची हिरवी लाइन शेवटच्या स्टेशनवर अगदी दाराशी आणून सोडते. मी सांगते, फोरमला जाच, पण आधी वारेझेला या. कादोर्ना स्टेशनवरून लोकल धरली की साधारण तासाभरात वारेझे, आणि तिथून दोन-तीन किलोमीटरवर मास्नागो. मास्नागो हा शहराचा एक भाग, पण इथे "मास्नागोला चाललोय" म्हटलं की माणूस मॅचला निघालाय हे समोरच्याला कळतं. तिथल्या बास्केटबॉल हॉलचं जुनं नाव पालाझेत्तो लिनो ओल्द्रिनी, नंतर प्रायोजक बदलले तशा पाट्या बदलत गेल्या. लोकांच्या तोंडी मास्नागोच राहिलं.

मी पुण्याची. कॉलेजच्या टीममध्ये पॉइंट गार्ड, म्हणजे बॉल आणून खेळ रचणारी खेळाडू होते, डेक्कन जिमखान्याच्या कोर्टवर बऱ्याच संध्याकाळी गेल्या. पुढे नोकरी मिळाली फ्रिजच्या डिझाइनची, आणि त्या नोकरीनेच मला वारेझेच्या तळ्याकाठी आणलं. फ्रिजच्या धंद्यातल्या माणसाला हा भाग आधीपासून माहीत असतो. जोव्हानी बोर्गी नावाच्या उद्योजकाने इथे इग्निस ही कंपनी वाढवली. युद्धानंतर इटलीच्या घराघरांत फ्रिज, शेगडी, वॉशिंग मशीन येऊ लागलं, त्या लाटेवर इग्निस मोठी झाली. तळ्याजवळच्या कास्सिनेत्ताचा कारखाना पुढे फिलिप्सकडे गेला, मग व्हर्लपूलकडे, आणि २०२४पासून तो बेको युरोपचा भाग आहे. पुण्याजवळ रांजणगावला व्हर्लपूलचा फ्रिजचा कारखाना आहे. तिथे काम केलेल्या एका जुन्या सहकाऱ्याकडून कास्सिनेत्ता हे नाव मी पहिल्यांदा ऐकलं. बास्केटबॉलचं मात्र त्याने काही सांगितलं नव्हतं. ते मला इथल्या कँटीनमध्ये कळलं: फ्रिज विकून आलेल्या पैशांवर या गावाने युरोपातली सगळ्यात भारी टीम उभी केली होती.

भारी म्हणजे किती? क्लब १९४५चा. इटालियन लीगचं पहिलं विजेतेपद १९६१मध्ये, इग्निसच्या नावानेच. आणि मग १९७० ते १९७९ अशी सलग १० वर्षं वारेझे युरोपियन चॅम्पियन्स कपच्या, म्हणजे आजच्या युरोलीगच्या आधीच्या स्पर्धेच्या फायनलमध्ये. ही गोष्ट त्याआधी कुणाला जमली नव्हती आणि नंतरही कुणाला जमलेली नाही. रेआल माद्रिदने एकूण कप जास्त जिंकलेत, पण सलग १० फायनल त्यांच्याही नावावर नाहीत. आणि हे गाव केवढं? ऐंशी हजारांच्या आसपास वस्तीचं.

यातला पहिला कप १९७०चा, सारायेव्होमध्ये, मॉस्कोच्या सीएसकेएला ७९–७४ हरवून. कोच होते अलेक्सांदर निकोलिच, ज्यांचा जन्मच सारायेव्होचा. कडक शिस्तीचा माणूस, सगळे त्यांना प्रोफेसर म्हणायचे. त्यांच्या हाताखाली १९७२ आणि १९७३चेही कप आले. १९७२ची फायनल तेल अवीवला झाली, स्प्लिटच्या युगोप्लास्तिकाविरुद्ध, आणि ती वारेझेने ७०–६९, म्हणजे एका गुणाने जिंकली. पुढे १९७७मध्ये तेल अवीवच्याच मक्काबीने बेलग्रेडला त्यांना ७८–७७, एका गुणाने हरवलं. १९७५ आणि १९७६चे कप सांद्रो गाम्बा कोच असताना आले, दोन्ही वेळा समोर रेआल माद्रिद.

खेळाडूंपैकी तीन नावं इथे मॅच बघायला येणाऱ्याने लक्षात ठेवावीत. दिनो मेनेगिन, सेंटर, उंची दोन मीटरच्या वर. त्याने वारेझेकडून ५ आणि नंतर मिलानकडून २ असे ७ युरोपियन कप जिंकले. मॅन्युएल रागा, मेक्सिकोचा, ज्याच्या उडीबद्दल इथले म्हातारे आजही हात उंचावून सांगतात. आणि बॉब मोर्स, अमेरिकन शूटर. त्या काळी इटालियन लीगमध्ये एकच परदेशी खेळाडू चालायचा, युरोपियन कपात दुसरा घेता यायचा. त्यामुळे १९७२ ते १९७४ या काळात मोर्स लीग खेळायचा आणि रागा फक्त कपाच्या मॅचेसना उतरायचा! रागाच्या तोडीचा खेळाडू रविवारी घरच्या लीगमध्ये बसवून ठेवायचा आणि मधल्या वारी युरोपात बाहेर काढायचा. मोर्सबद्दल आणखी एक: आंतरराष्ट्रीय नियमांत तीन गुणांची रेषा आली १९८४मध्ये. मोर्स इथून गेला १९८१मध्ये. म्हणजे इथे असताना त्याने लांबून टाकलेली प्रत्येक बास्केट दोनच गुणांची धरली गेली. त्याचे आकडे वाचताना हे ध्यानात ठेवलं की माणूस थक्क होतो.

आता हॉलबद्दल. १९६४मध्ये बांधलेला, पाचेक हजार माणसं मावतात एवढा. त्याला लागूनच फुटबॉलचं स्टेडियम आहे, फ्रांको ओस्सोला यांच्या नावाचं. फ्रांको वारेझेचे, तोरिनोच्या त्या महान फुटबॉल संघातले, आणि ४ मे १९४९च्या सुपेर्गाच्या विमान अपघातात संघाबरोबर गेले. त्यांचा धाकटा भाऊ आल्दो ओस्सोला शेजारच्या याच हॉलमध्ये सत्तरच्या दशकात वारेझेचा पॉइंट गार्ड होता. टीम अशी चालवायचा की लोकांनी त्याचं नाव फॉन कारायान ठेवलं होतं, त्या ऑर्केस्ट्रावाल्या संचालकावरून. मी पॉइंट गार्ड, त्यामुळे या माणसावर माझा विशेष जीव. मॅचआधी थोडा वेळ हाताशी असेल तर स्टेडियमच्या बाजूने एक फेरी मारा. एका भावाच्या नावाचं मैदान आणि दुसऱ्या भावाचं कोर्ट, मध्ये चालत जाण्याइतकं अंतर.

वास्तू जुनी आहे. मॉलसारखा थाट, मऊ खुर्च्या, चकचकीत लॉबी हवी असेल त्यांच्यासाठी ही जागा नाही. इथे येण्याचं कारण एकच: कोर्ट जवळ आहे. खालच्या रांगांत बसलात तर खेळाडूंचं बोलणं ऐकू येतं, आणि बास्केटबॉल हा बोलण्याचा खेळ आहे हे टीव्हीवर कधीच कळत नाही. समोरचा सेंटर स्क्रीन लावायला, म्हणजे बचाववाल्याच्या वाटेत आडवा उभा राहायला निघाला की बचावातला मोठा खेळाडू मागून ओरडून सांगतो, डावीकडून येतोय. ते ओरडणं अर्धा सेकंद उशिरा झालं तर गार्ड स्क्रीनवर आपटतो आणि समोरचा मोकळा होतो. ते आपटणं इथे ऐकू येतं, छातीवर खांदा बसल्याचा आवाज. बुटांची करकर, रिंगच्या कडेला लागून बाहेर आलेल्या बॉलचा ठणका. पाहुण्या टीमचा एक गार्ड एकदा माझ्या अगदी समोर साइडलाइनला सापळ्यात अडकला. दोन बचाववाले त्याच्या अंगावर, मागे रेषा. त्याने बॉल पोटाशी धरून एक पाय रोवला, दुसरा पाय फिरवत राहिला, आणि डोळे एकदाही बॉलकडे न नेता दोघांच्या कमरेमधल्या फटीतून जमिनीवर टप्पा देऊन पास काढला. मी मराठीतच ओरडले, "वा रे पठ्ठ्या!" वारेझेचा पाठीराखा असलेल्या शेजाऱ्यानेही मान डोलावली. आमच्या कोचने आम्हाला हा पास शिकवताना किती डोकं फोडून घेतलं होतं. तो इतक्या जवळून, इतक्या वेगात बघायला मिळणं यासाठी मी तिकिटाचे पैसे आनंदाने देते.

बास्केटच्या मागे कट्टर पाठीराख्यांची जागा. ढोल, झेंडे, लाल-पांढरे मफलर, आणि चारही क्वार्टर उभं राहून गाणं. पहिल्यांदा जाणाऱ्याने तिथलं तिकीट घेऊ नये. खेळ नीट दिसत नाही आणि खाली बसता येत नाही. लहान मुलं बरोबर असतील तर कोर्टच्या लांब बाजूची खालची किंवा मधली रांग घ्या. प्रतिस्पर्ध्याच्या फ्री थ्रोला शिट्ट्यांचा जो कल्लोळ होतो, तेव्हा अगदी लहान पोरं कानावर हात ठेवतात, तेवढी तयारी ठेवा. पण वातावरण घरचं आहे. आजोबा, मुलगी, नातू अशी तीन पिढ्यांची रांग इथे सर्रास दिसते.

आई-बाबा गेल्या हिवाळ्यात आले होते तेव्हा बाबांना घेऊन गेले. बाबा टूलरूममधून निवृत्त झालेले, आयुष्यभर कबड्डी बघितलेले. बास्केटबॉलचे नियम त्यांना ट्रेनमध्ये समजावले. शेजारी सीझन तिकीटवाले एक आजोबा बसले होते, गळ्यात जुना पिवळा मफलर. इग्निसच्या काळात टीमची जर्सी पिवळी होती. बाबा भारतातून आलेत कळल्यावर त्यांनी इंटरव्हलमध्ये दोन्ही हात पुढे केले, दहाही बोटं उघडली, आणि एकेक फायनल सांगायला सुरुवात केली. सारायेव्हो, बोट तसंच उभं. आंटवर्प, हरलो, बोट मुडपलं. तेल अवीव, उभं. लिएज, उभं. नाँत, मुडपलं. पुन्हा आंटवर्प, जिनिव्हा, दोन्ही उभी. मग बेलग्रेड, म्युनिक, ग्रेनोब्ल, तीन बोटं एकापाठोपाठ खाली. ग्रेनोब्लपाशी ते थांबले आणि "वारायिच, क्वारान्ताचिंक्वे" म्हणाले. १९७९च्या त्या फायनलमध्ये सारायेव्होच्या बोस्नाकडून झार्को वारायिचने ४५ गुण केले होते आणि वारेझे ९६–९३ हरलं होतं. शेवटी पाच बोटं उभी राहिली. मी अर्ध्यावर भाषांतर करायचं सोडून दिलं होतं, बाबांना गरजच नव्हती.

परतीच्या ट्रेनमध्ये बाबा खेळाबद्दल कमी आणि बोर्गींबद्दल जास्त विचारत होते. त्यांना महिंद्राची, एअर इंडियाची कबड्डीची टीम माहीत. कंपनी खेळाडूला नोकरी देते, खेळाडू कंपनीचं नाव करतो, हे त्यांच्या ओळखीचं गणित. "म्हणजे हे आपल्यासारखंच की गं," म्हणाले. एका अर्थी हो. फरक इतकाच की इथे कंपनीचं नाव गेलं तरी टीम गावाची राहिली. इग्निसनंतर मोबिलजिर्जी आलं, एमर्सन आलं, आणि कितीतरी प्रायोजक येऊन गेले. पिवळा रंग गेला, लाल-पांढरा राहिला.

आता फोरमशी तुलना, कारण ती विचारली जाणारच. फोरम १९९०चं, बारा हजारांच्या वर माणसं मावतात. ऑलिंपिया मिलान हा इटलीतला सगळ्यात जास्त विजेतेपदं जिंकलेला क्लब, आणि युरोपियन कपही ३: १९६६, १९८७, १९८८. १९८७ला लोझानमध्ये मक्काबीला ७१–६९ हरवणाऱ्या टीममध्ये मेनेगिन होता, बॉब मॅकॅडू होता, माइक डँटोनी होता. आज युरोलीगमध्ये जो दर्जा दिसतो तो वारेझेच्या कुठल्याही साध्या रविवारी दिसणार नाही, हे स्पष्ट सांगते. पानाथिनाइकोस, फेनेरबाचे, रेआल माद्रिद यांच्या टीम बघायच्या तर अस्सागोलाच जावं लागतं. प्रत्येक पोझिशनवर तिथे दोन-दोन तगडे खेळाडू असतात, बचाव चाळीस मिनिटं सैल पडत नाही. दिव्यांची रोषणाई, संगीत, मोठा स्क्रीन, सगळं झोकात. पण वरच्या मजल्यावर बसलात तर खेळ पटावरच्या सोंगट्यांसारखा दिसतो. डावपेच समजायला ते उत्तम आहे, खेळाची ताकद अंगावर यायला नाही.

आणि एक गोष्ट मला मनापासून खटकते. वारेझेसारख्या टीमला आज युरोलीगचा रस्ता जवळजवळ बंद आहे. सत्तरच्या दशकात देशाचा विजेता चॅम्पियन्स कपात जायचा, साधं सरळ. २०००मध्ये युरोपियन बास्केटबॉल दुभंगला, क्लबांनी स्वतःची युरोलीग काढली, २००१मध्ये तर युरोपला दोन वेगळे विजेते मिळाले: एकीकडे बोलोन्याचं व्हिर्तुस, दुसरीकडे मक्काबी. आता युरोलीगमधल्या बहुतेक जागा दीर्घ मुदतीच्या लायसन्सवर ठरलेल्या असतात. खाली युरोकप, चॅम्पियन्स लीग आणि फिबा युरोप कप अशा तीन स्पर्धा, त्याही दोन वेगवेगळ्या संस्थांच्या. नवख्या माणसाला हा पसारा समजावताना माझीच दमछाक होते. वारेझे या पसाऱ्यात फिबा युरोप कपात दिसलंय. २०१६ला त्यांनी तिथे फायनल गाठली आणि फ्रँकफर्टकडून ६६–६२ हरले. मुंबईच्या रणजी संघाने ४२ वेळा ट्रॉफी जिंकली, उद्या कुणी त्यांना सांगितलं की तुम्हाला वरच्या गटात यायचंय तर आधी लायसन्स आणा, तर आपल्याला कसं वाटेल? कप मैदानावर जिंकून मिळायला हवा आणि तिथे जायची वाटही मैदानावरूनच हवी, या मतावर मी ठाम आहे.

इटालियन लीगचं शेवटचं विजेतेपद वारेझेने १९९९मध्ये घेतलं, त्यांचं दहावं. जर्सीवर तारा लावायचा मान दहा विजेतेपदांनी मिळतो, तो तेव्हा मिळाला. त्या टीममध्ये जानमार्को पोत्झेक्को होता आणि दिनोचा मुलगा आंद्रेआ मेनेगिन होता. नंतरचा काळ बहुतांशी तळाच्या आणि मधल्या जागांसाठी झगडण्याचा. अलीकडे लुइस स्कोला, अर्जेंटिनाच्या २००४च्या ऑलिंपिक सुवर्णपदक विजेत्या संघातला मोठा खेळाडू, कारकिर्दीचा शेवटचा हंगाम इथे खेळला आणि मग क्लबच्या कारभारातच शिरला. तेव्हापासून वेगवान, भराभर शॉट घेणारा खेळ हे इथलं सूत्र झालंय. मला स्वतःला थोडा थांबून, रचून खेळलेला बास्केटबॉल आवडतो, पण प्रेक्षक म्हणून कंटाळा यायला इथे वाव नाही.

तिकीट क्लबच्या अधिकृत विक्रीतूनच काढा. पुनर्विक्रीच्या एका साइटवर मला तेच तिकीट बरंच चढ्या भावाने दिसलं होतं. फोरमच्या युरोलीग तिकिटांपेक्षा इथलं सहसा स्वस्त पडतं. लीगची मॅच बहुतेक रविवारी असते. रात्रीची असेल तर शेवटच्या ट्रेनची वेळ आधी बघून ठेवा. वारेझेत पाऊस फार, छत्री घ्याच. जेवण हॉलमध्ये शोधण्यापेक्षा दुपारी लवकर येऊन गावात कोर्सो मात्तेओत्तीच्या कमानींखाली फिरा आणि तिथेच खाऊन घ्या. शाकाहारी असाल तर पिझ्झा किंवा चीज घातलेला पोलेंता (मक्याच्या पिठाचा) सहज मिळतो, आणि दोल्चे वारेझे नावाचा इथला केक घरी न्यायला चांगला. हवा स्वच्छ असेल तर सकाळीच येऊन साक्रो मोंतेचा डोंगर चढून या, वरून तळं दिसतं.

मॅच निवडायची मुभा असेल तर कान्तूविरुद्धची निवडा. कान्तू हे जवळचंच आणखी छोटं गाव, आणि त्यांनीही १९८२ आणि १९८३मध्ये युरोपियन कप जिंकला. १९८३ची फायनल तर मिलानविरुद्ध, ६९–६८. वारेझे ५, मिलान ३, कान्तू २: लोंबार्दीच्या या एवढ्याशा पट्ट्यात युरोपचे १० कप आहेत. या दोन गावांची मॅच लागली की मास्नागोत तिकीट मिळणं अवघड होतं, त्यामुळे वेळापत्रक जाहीर झालं की लगेच काढून ठेवा, आणि कोर्टच्या लांब बाजूची, बेंचच्या मागची रांग मिळाली तर दुसरं काही बघू नका. टाइमआउटमध्ये कोच पाटीवर काय काढतो ते तिथून दिसतं.